घाईचा न्याय कोणाच्या पदरी?

कालीसिंधेच्या उगमाचा हा आमचा बागली तालुका. धार-देवासच्या पवारांमागून माळव्यात आलेली मराठी घराणी अद्याप या प्रांती नांदत आहेत. त्यांच्या मुली आता शिक्षणासाठी देवास, इंदूर, उज्जैन गाठतात. काही पुण्यास, तर काही गोव्यापर्यंत जातात. अशी एखादी मुलगी सुटीत घरी आली आणि एखाद्या अध्यापकाच्या अनुचित वर्तनाविषयी तिने तोंड उघडले, की ओसरीवर तत्काळ दोन मते उमटतात. एक म्हणते, “बोभाटा नको, नाव मुलीचेच जाते.” दुसरे म्हणते, “चौकशी कसली करता? त्याला आजच्या आज घालवा!” पहिले मत भित्रेपणाचे आहे, हे सांगावयास नको. दुसऱ्यात शौर्य दिसते. परंतु तेही अखेर त्या मुलीच्याच मुळावर येते, असे आमचे स्पष्ट म्हणणे आहे.

हे म्हणणे पोकळ नाही, याचा दाखला आपल्या गोमंतकानेच दिला आहे. २००९ साली गोवा विद्यापीठातील एका विभागप्रमुखांविरुद्ध विद्यार्थिनींनी लैंगिक छळाच्या तक्रारी केल्या. विद्यापीठाच्या समितीने लागोपाठ बैठका घेतल्या. एकीकडे नव्या जबान्या येत होत्या, दुसरीकडे त्यांना उत्तर देण्यास पुरेसा अवकाश मिळत नव्हता. प्राध्यापकांनी प्रकृतीच्या कारणास्तव मागितलेली मुदत नाकारून समितीने एकतर्फी काम पुरे केले आणि जूनमध्ये अहवाल दिला. २०१० साली त्यांना बडतर्फ करण्यात आले. २०१२ साली उच्च न्यायालयाने तो निर्णय कायम केला. मात्र १२ मे २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती बोपण्णा आणि न्यायमूर्ती हिमा कोहली यांनी तो रद्द ठरवून प्रकरण पुन्हा समितीकडे धाडले.

म्हणजे चौदा वर्षांनंतर सारे जिथल्या तिथे! आरोप खरा की खोटा, हा प्रश्न अनिर्णीतच राहिला. तक्रार करताना ज्या मुली विद्यार्थिनी होत्या, त्या एव्हाना आपापल्या संसारात गेलेल्या असणार. त्यांनी पुन्हा त्याच आठवणी उकरून काढाव्यात काय? पीडितांना न्याय देण्याच्या अतिउत्सुकतेनेच समितीने त्यांची अधिक हानी केली, अशा आशयाचे उद्गार न्यायालयाने काढले आहेत. प्रत्येक कुलगुरूंनी ते आपल्या मेजावर लिहून ठेवावेत.

यावर कोणी म्हणेल, “नैसर्गिक न्याय, नैसर्गिक न्याय, हा तर बलवानांचा जप आहे! त्याच्या आडून वर्षानुवर्षे तारखा पडतात.” हा आक्षेप खोटा नाही. परंतु त्यावरचा उपाय कायद्यानेच सांगून ठेवला आहे. २०१३ च्या कायद्यान्वये चौकशी ९० दिवसांत पुरी व्हावयास हवी. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या विनियमांप्रमाणे तक्रारीची प्रत सात दिवसांत समोरच्या पक्षाकडे जावी आणि त्याचे उत्तर दहा दिवसांत यावे. सबळ कारणावाचून कोणी लागोपाठ तीन सुनावण्यांस गैरहजर राहिला, तर पंधरा दिवसांची लेखी सूचना देऊन एकतर्फी निर्णयही घेता येतो. चालढकल करणाऱ्यास वेसण घालण्याचे साधन हाताशी असताना ते न वापरता घाई करणे, हा आळसच होय. त्याला तत्परतेचे नाव देऊ नये.

दुसरा आक्षेप अधिक जिव्हाळ्याचा आहे : “त्या पोरीने त्याच्या समोर उभे राहून उलटतपासणीचे घाव सोसावेत काय?” मुळीच नव्हे. १९७३ साली रांचीच्या राजेंद्र वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा प्रश्न निकालात काढला आहे. मुलींच्या वसतिगृहात शिरलेल्या विद्यार्थ्यांविरुद्धच्या त्या चौकशीत मुलींच्या जबान्या आरोपींच्या अनुपस्थितीत घेतल्या गेल्या. आरोपींना मात्र आरोप काय ते सांगून बाजू मांडण्याची संधी देण्यात आली. न्यायालयाने ती पद्धत योग्य ठरविली. आरोपीला आरोप कळला पाहिजे आणि उत्तराला अवकाश मिळाला पाहिजे, एवढेच न्यायाचे मागणे आहे. प्रश्न लेखी द्यावेत, मध्ये पडदा असावा. परंतु प्रश्नच विचारू नयेत, असे मात्र होता कामा नये.

समित्यांच्या खांद्यावर किती भार आहे, याची जाणीव विद्यापीठांना आहे काय? पुण्याच्या मेधा कोतवाल-लेले यांच्या अर्जावर सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली असे ठरविले की, तक्रार समितीचा अहवाल हाच शिस्तभंगाच्या चौकशीचा अहवाल मानावा. पीडितेला तेच दुःख दोनदा सांगावे लागू नये, हा त्यातील करुणेचा भाग. परंतु यामुळे समिती म्हणजे जणू न्यायपीठच झाली. शिस्तभंगाची दुसरी स्वतंत्र चौकशी उरली नाही. अशा आसनावर कामाच्या गर्दीतून उसना वेळ काढणाऱ्या, नियमांचे पुस्तक न उघडलेल्या माणसांना बसविणे, हा विद्यार्थिनींशी केलेला द्रोह आहे.

वाचकहो, आपण देवस्थानांच्या कारभारात वाढलेली माणसे आहोत. महाजनांची सभा सूचनेवाचून भरविली, तर तीतला ठराव कितीही उत्तम असला तरी टिकत नाही, हे आपणांस कोणी शिकवावयास नको. मग आपल्या मुलींच्या अब्रूचा प्रश्न आला असताना हा विवेक आपण का सोडावा? महाविद्यालयात मुलीचे नाव घालताना शुल्क आणि वसतिगृह यांची चौकशी आपण करतोच. तेथे आणखी तीन प्रश्न विचारावेत : समिती नेमली आहे काय? तिच्यात बाहेरचा सदस्य आणि निदान निम्म्या स्त्रिया आहेत काय? तिच्या सदस्यांना चौकशीचे शिक्षण दिले आहे काय? उत्तर न मिळाल्यास लेखी मागावे.

मुलीला “गप्प बैस” म्हणणारा तिला एकदा दुखवितो. तिच्या नावाने कच्चा निकाल लावणारा तिला आशा दाखवून वर्षांमागून वर्षे टांगून ठेवतो आणि मग रित्या हातांनी परत पाठवितो. या दोहोंतला अधिक निर्दय कोण, हे वाचकांनीच ठरवावे.