कॅमेरा थांबल्यानंतरचे काम

पुण्याचे रंगकर्मी अतुल पेठे यांनी महापालिकेच्या सफाई कामगारांच्या जीवनावर ‘कचराकोंडी’ हा माहितीपट केला. पुढे २०१२ साली त्याच वर्गातील स्त्री-पुरुषांना बरोबर घेऊन गो. पु. देशपांडे यांचे ‘सत्यशोधक’ हे नाटक त्यांनी रंगभूमीवर आणले. माहितीपटात कामगार हा विषय होता. नाटकात तो नट झाला, जोतीरावांचा विचार प्रेक्षकांपुढे मांडू लागला. आमच्या मते ही दुसरी पायरी पहिलीपेक्षा अधिक मोलाची आहे.

माहितीपट पाहून मध्यमवर्गाला हळहळ वाटते. परंतु हळहळ म्हणजे न्याय नव्हे. ती चित्रगृहाच्या दाराशीच संपते, आणि दुसऱ्या दिवशी कचऱ्याची बादली पूर्वीप्रमाणेच उंबऱ्याबाहेर ठेवली जाते. ज्याचे चित्रण झाले, त्याच्या हाती त्यातून काय आले, हा प्रश्न प्रत्येक माहितीपटकाराला विचारला पाहिजे. आपल्याच शहरातील श्रमिकांना संहिता वाचावयास, शब्द उच्चारावयास आणि सभेपुढे ताठ उभे राहावयास शिकवून पेठे यांनी त्याचे उत्तर दिले. कलावंत येथे शिक्षक झाला.

या प्रयोगाला इतिहासाचीही जोड आहे. १८७३ साली सत्यशोधक समाज स्थापन करणारे जोतीराव १८७६ ते १८८२ या काळात पुणे नगरपालिकेचे सदस्य होते. त्याच नगरीचे झाडूवाले सव्वाशेहून अधिक वर्षांनी त्यांची कथा सांगतात, यात अभिमानास्पद तितकेच लज्जास्पद आहे. कारण जातीने नेमून दिलेले काम अद्याप जातीकडेच राहिले आहे. हाताने मैला साफ करण्याच्या प्रथेविरुद्ध २०१३ चा कायदा आहे. गटारात मरण पावलेल्या कामगाराच्या वारसांना द्यावयाची भरपाई सर्वोच्च न्यायालयाने २०२३ साली १० लाखांवरून ३० लाख रुपये केली. निर्णय स्वागतार्ह खरा. पण भरपाई मरणानंतर मिळते, साधने आणि हक्क जिवंतपणी लागतात. कंत्राटदार मध्ये आला की नेमका मालक कोण, हेच कामगाराला उमगेनासे होते.

म्हणून कार्यकर्त्यांपुढे आमची एक सूचना आहे. असे माहितीपट नाट्यगृहांत व महोत्सवांतच अडकून राहू नयेत. नव्वदीच्या दशकात महापालिकेच्या हद्दीत आलेल्या वारज्यासारख्या उपनगरात नव्या इमारतींच्या सावलीला श्रमिकांच्या वस्त्या आहेत. तेथील चौकात संध्याकाळी पडदा लावावा, चित्रपट दाखवावा, आणि तो संपल्यावर भाषण ठोकण्याऐवजी वस्तीतील माणसांना बोलू द्यावे. वेतनचिठ्ठी मिळते का, हातमोजे मिळतात का, भविष्यनिर्वाह निधी भरला जातो का, हे त्यांच्याच तोंडून ऐकावे व तेथेच लिहून घ्यावे.

त्या नोंदींतून संघटनेची पुढील मागणीपत्रे तयार झाली, तरच पडद्यावरील चित्र सार्थकी लागले असे म्हणता येईल.