२५ टनांचा रणगाडा आणि आत बसलेला जवान

शहीद अब्दुल हमीद यांची गोष्ट आपल्या घराघरात सांगितली जाते. १० सप्टेंबर १९६५, खेमकरणचा भाग, चीमा गावाजवळची शेतं. समोरून अमेरिकी बनावटीचे पॅटन रणगाडे, एकेकाचं वजन सुमारे ४५ टन. हमीद यांच्याकडे उघडी जीप आणि तिच्यावर १०६ मिलिमीटरची तोफ. त्यांचं शौर्य आपण जाणतोच, पण तिथली जमीनही बघा. शेतांत पाणी सोडलेलं होतं. जड पॅटन चिखलात रुतले. जीप मात्र पिकाआडून मारा करायची आणि जागा बदलायची. शेवटी एक गोळा तिच्यावर आला आणि हमीद शहीद झाले. जीपला चिलखत नव्हतंच.

वजन आणि चिलखत यांचा हाच हिशेब आज लडाखमध्ये मांडला जातोय. २०२० च्या तणावात चीनने हलके रणगाडे आणले. आपल्याला ४६ टनांचे टी-९० वर न्यावे लागले. ते पोचले, पण विरळ हवेत इंजिनाची ताकद घटते आणि डोंगरातले रस्ते, पूल जड गाडीला मोजकेच. म्हणून डीआरडीओ आणि एल अँड टीने २५ टनांचा 'जोरावर' बनवला. २०२४ मध्ये आधी वाळवंटात, मग लडाखच्या उंचीवर त्याने गोळे डागून दाखवले.

मग हे वजन कमी झालं कुठून? मोठा वाटा चिलखताचा. एक मीटर लांब, एक मीटर रुंद, १० सेंटिमीटर जाड पोलादी पत्रा घेतला, तर तोच जवळपास ८ क्विंटल भरतो. चहूबाजूंनी असं पोलाद लावलं तर रणगाडा हलायचाच नाही. त्यामुळे कोणताही देश पुढची बाजू जाड ठेवतो, बाजू आणि पाठ पातळ, छत तर अगदीच पातळ.

युक्रेनमध्ये स्वस्त ड्रोन नेमके त्या छतावर येऊन आदळले. ६० टनांहून जड अमेरिकी अब्रॅम्सही २०२४ मध्ये आघाडीवरून मागे घ्यावे लागले. जड म्हणजे सुरक्षित, ही समजूत तिथे मोडली. अर्थात म्हणून हलका रणगाडा आपोआप सुरक्षित ठरत नाही. टी-९० चं पुढचं चिलखत जो मार झेलेल, तो जोरावरला झेपणार नाही.

पोलादाऐवजी एक उपाय आहे: रडारने येणारं क्षेपणास्त्र हेरून हवेतच फोडणारी यंत्रणा. वजन कमी, पण तिचे बार मोजकेच, आणि फुटलेले तुकडे शेजारून चालणाऱ्या आपल्याच पायदळाला लागू शकतात.

माझ्या मते लडाखसाठी जोरावर योग्यच आहे. पंजाबच्या सपाट रानात तो टी-९० ची जागा घेऊ शकत नाही. ३५४ हलक्या रणगाड्यांच्या योजनेला २०२२ मध्येच तत्त्वतः मंजुरी मिळाली आहे. खरेदीचा करार होईल तेव्हा तोफेच्या पल्ल्यापेक्षा आधी एक गोष्ट विचारायला हवी: ड्रोनपासून वाचवणारी यंत्रणा पहिल्या गाडीपासून बसवलेली असेल, की 'नंतर बसवू' म्हणून जवानांना तशीच आत बसवणार?