रंगयंत्राचे नवे पुरोहित

साताऱ्याहून कराड, इस्लामपूर, सांगली आणि मिरज. चळवळीच्या कामासाठी या पट्ट्यातल्या वस्त्या आम्ही वर्षानुवर्षे तुडवतो आहोत. अलीकडे तिथे एक पेटी फिरताना दिसली. आत दिवा, पुढे रंगीत काचा. साखरेला पिवळा प्रकाश, मनाच्या अशांतीला निळा! आमच्या एका कार्यकर्त्याच्या आईने त्या पेटीपायी साखरेच्या गोळ्या महिनाभर बंद ठेवल्या. शेवटी तिला दवाखान्यात न्यावे लागले. विकणाऱ्याला जाब विचारला, तर तो म्हणतो, "निळा तर तुमचाच रंग. त्याच्या शक्तीवर तुमचाच विश्वास नाही?"

या प्रश्नाला उत्तर दिलेच पाहिजे.

हे यंत्र नवे नाही. १८७३ साली मुंबईत जन्मलेल्या दिनशा घडियाली यांनी अमेरिकेत 'स्पेक्ट्रो-क्रोम' नावाची अशीच पेटी काढली होती. प्रखर दिवा, रंगीत काचा आणि मधुमेहासह असंख्य रोग बरे करण्याचा दावा. १९४७ साली तिथल्या न्यायालयाने त्यांना दोषी ठरवून वीस हजार डॉलर दंड केला. औषध सोडून पेटीसमोर बसलेल्या रुग्णांचे काय झाले, ते त्या खटल्यात सरकारी पक्षाने मांडले होते.

मग रंगात शक्तीच नाही काय? आहे. कावीळ झालेल्या नवजात बाळाला निळ्या प्रकाशाखाली ठेवतात. १९५० च्या दशकात इंग्लंडमधल्या एका परिचारिकेच्या लक्षात आले की, उन्हात नेलेल्या बाळांचा पिवळेपणा उतरतो. डॉक्टरांनी रक्त तपासले, मोजमाप केले आणि १९५८ साली निष्कर्ष प्रसिद्ध केला. निळा प्रकाश त्वचेतल्या बिलिरुबिनचे रूप बदलतो आणि मग ते शरीराबाहेर पडते. तुझा विश्वास आहे का, असे त्या बाळाला कोणी विचारत नाही. पेटीवाला मात्र आधी विश्वास मागतो, मग पैसे.

माणसाला रंग चिकटवून त्याचे भवितव्य सांगण्याचा धंदा या देशात जुनाच आहे. महाभारताच्या शांतिपर्वात भृगू सांगतो: ब्राह्मण पांढरे, क्षत्रिय तांबडे, वैश्य पिवळे, शूद्र काळे. तिथेच भरद्वाज विचारतो की, घाम, भूक, काम, क्रोध सगळ्यांना सारखेच असताना भेद कसला? भरद्वाजाचा प्रश्न ग्रंथात राहिला, भृगूची विभागणी समाजावर लादली गेली. बाबासाहेबांनी 'शूद्र पूर्वी कोण होते?' या १९४६ च्या ग्रंथात वर्ण म्हणजे कातडीचा रंग हा सिद्धान्त खोडून काढला. नुसता नाकारला नाही, ऋग्वेदातले दाखले तपासून खोडला. तपासल्याशिवाय मानू नका, हे तर बुद्धाने कालामांनाच सांगितले होते.

राहिला आमचा निळा. १९४२ साली स्थापन झालेल्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचा झेंडा निळा होता. त्या रंगाला बळ आले ते झेंड्याखाली जमलेल्या माणसांमुळे, कापडातल्या किरणांमुळे नव्हे. त्याच रंगाच्या नावाने आमच्या आयाबहिणींच्या गोळ्या कोणी बंद करणार असेल, तर त्याला आम्ही वस्तीच्या वेशीवरच अडवू.

कायदाही आपल्या बाजूने आहे. मधुमेह बरा करतो अशी जाहिरात करायला १९५४ च्या औषधे व जादुई उपचार कायद्याने बंदी आहे. साताऱ्यात जन्मलेले, मिरजेत डॉक्टर झालेले नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी खून झाला. त्यानंतरच राज्याला जादूटोणाविरोधी कायदा करण्याची जाग आली.

पण आम्ही स्वतःलाही दोष देतो. आरोग्य केंद्रातल्या गोळ्या संपतात, मजुरी बुडवून खेटे घालावे लागतात, तेव्हा पेटीवाला दारात येतो आणि मावशी म्हणून हाक मारतो. त्या वेळी आम्ही कुठे असतो? मिरवणुकीच्या बॅनरवर!

७ नोव्हेंबर १९०० रोजी बाबासाहेब साताऱ्याच्या शाळेत दाखल झाले. तो दिवस विद्यार्थी दिन म्हणून पाळतो, तर यंदा हार-तुऱ्यांचा खर्च वाचवून रक्तातली साखर मोजणारे साधे यंत्र घ्या. घरोघरी जा, बोटाला टोचा, आकडा वहीत लिहा. गोळ्या नसतील तर ती वही घेऊन आरोग्य केंद्रावर मोर्चा काढा. झेंडा निळाच न्या.

जय भीम!