शून्य कार्याचा विनोद

विज्ञानविषयक शाब्दिक विनोदाला आपली समीक्षा निव्वळ 'कोटी' म्हणून निकालात काढते. हे उचित नव्हे. एक उदाहरण पाहू. नवरदेव रुसला, मनधरणीत साऱ्यांचे बळ खर्ची पडले, पण तो जानवशावरून हलेना. विज्ञानाचे शिक्षक उद्गारले, "विस्थापन शून्य, म्हणून कार्य शून्य!"

सांगलीकडे घरचे 'कार्य' म्हणजे लग्न. पदार्थविज्ञानात बल आणि बलाच्या दिशेने झालेले विस्थापन यांचा गुणाकार. येथे दोन्ही अर्थ एकाच वेळी पूर्णतः खरे ठरतात, नियमाला मुरड घालावी लागत नाही. हास्य या काटेकोरपणातून उपजते. 'कार्य'ऐवजी 'काम' योजताच ते लोपते. शब्दपरिवृत्ती न साहणारा तो शब्दश्लेष, ही मम्मटाची कसोटी येथे तंतोतंत लागू पडते.

परिभाषा शब्दाला एकाच अर्थाशी बांधते. विनोद त्याचे लौकिक नाते पुन्हा जोडतो. सेमी-इंग्रजी वर्गात केवळ 'वर्क' शिकलेल्या विद्यार्थ्यास हा विनोद पारखा राहतो. भाषा संचालनालय १९६० साली स्थापन झाले, परिभाषा कोशांत आली. ती जिभेवर रुजली काय, हे मात्र अशा हास्यावरूनच कळावे.