बोलविती धनीण

चित्रपट दिग्दर्शकाचा असतो, हे मत आता इतके रूढ झाले आहे की त्याला कोणी पुरावाच मागत नाही. १९५४ मध्ये फ्रान्सच्या त्रुफोने पटकथाकारांवर तोफ डागली आणि १९६८ मध्ये अमेरिकन टीकाकार अँड्र्यू सॅरिस यांनी हॉलिवूडचा सारा इतिहास दिग्दर्शकांच्या उतरंडीत रचून दाखविला. तो ग्रंथ निघाला तेव्हा फ्रान्सिस मॅरियन नावाच्या बाई ऐंशीच्या उंबरठ्यावर हयात होत्या. त्या उतरंडीत त्यांच्यासाठी गाडगेच नव्हते!

कोण या बाई? १८८८ साली सॅन फ्रान्सिस्कोत जन्मल्या. मूकपटांच्या काळात मेरी पिकफर्डसाठी ‘द पुअर लिट्ल रिच गर्ल’ (१९१७) आणि ‘स्टेला मॅरिस’ (१९१८) त्यांनी लिहिले. ग्रेटा गार्बो पडद्यावर प्रथम बोलली ती ‘ॲना ख्रिस्ती’त (१९३०). नाटक यूजीन ओनीलचे, पटकथा बाईंची.

बायकांनी पाळण्याचे आणि चुलीचे लिहावे, असे मानणारे पंडित सर्वत्र असतात. त्यांनी ‘द बिग हाउस’ (१९३०) पाहावा. चित्रपट तुरुंगातला, त्यासाठी बाई सॅन क्वेंटिनचा तुरुंग पाहून आल्या. लेखनाचे ऑस्कर मिळविणारी पहिली स्त्री त्या याच चित्रपटामुळे ठरल्या. दुसरे मिळाले ‘द चॅम्प’च्या (१९३१) कथेला. दारूत बुडालेला मुष्टियोद्धा आणि त्याच्यावर जीव टाकणारा लहानगा मुलगा, अशी ती कथा. आज मात्र तो चित्रपट ‘किंग व्हिडोरचा’ म्हणून सांगितला जातो. व्हिडोर मोठा दिग्दर्शक, यात वाद नाही. पण ते बापलेक जन्माला कोणी घातले?

यावर उत्तर ठरलेले असते : कागद मेलेला असतो, प्राण ओततो तो कॅमेरा. बरे, तसे समजू. मग मेरी ड्रेसलरचे काय? उतारवयात चित्रपटसृष्टी तिला विसरून गेली होती. बाईंनी १९२७ मध्ये तिच्यासाठी मुद्दाम भूमिका लिहिली, तिला परत आणले. पुढे त्यांनीच सहलेखन केलेल्या ‘मिन अँड बिल’ने (१९३०) तिला ऑस्कर मिळवून दिले. मेलेल्या कागदाने एक जिवंत नटी पुन्हा उभी केली!

आम्ही शाळामास्तर. एका मुलीने निबंध लिहिला आणि दुसऱ्या मुलाने तो व्यासपीठावरून उत्तम वाचला, तर टाळ्या त्यालाही मिळाव्यात. पण प्रशस्तिपत्रावर त्या एकट्याचेच नाव घालणाऱ्या गुरुजींना काय म्हणावे?

मॅरियनबाई १९७३ मध्ये वारल्या. दिग्दर्शकाचे नाव पुसा, असे आमचे म्हणणे नाही. पण ज्या इतिहासात लेखकाला ओळ नाही, तो इतिहास नव्हे, तर श्रेयाची वाटमारी आहे. आणि लुटली गेलेली व्यक्ती स्त्री असली की तिची फिर्यादही कोणी नोंदवीत नाही.