नुकसान मोजायचं की मापायचं?

मंडळी, पोस्ट थोडी मोठी आहे, पण विषय आपल्या शेताचा, बागेचा आणि पैशाचा आहे.

पावसाळा आला की ६५ हा आकडा सगळ्यांच्या तोंडी असतो. महसूल मंडळात २४ तासांत ६५ मिलिमीटरपेक्षा जास्त पाऊस नोंदला गेला की अतिवृष्टी. मग पंचनामे, मग मदत. त्याच्या खाली असेल तर ठरलेलं उत्तर, 'निकषात बसत नाही.' या निकषांवर भांडायचं असेल तर आधी कॉलेजच्या गणितातली एक गोष्ट नीट समजून घेऊया.

रापण ओढण्याआधी किती मासळी मिळेल ते कोणी सांगू शकत नाही. अशा आधी न कळणाऱ्या, पण आकड्यात धरता येणाऱ्या गोष्टीला रँडम व्हेरिएबल म्हणतात, मराठीत यादृच्छिक चल. त्याचे मुख्य प्रकार दोन. जाळ्यात बांगडे किती आले? शून्य, एक, दोन, पाचशे. साडेतीन बांगडे येत नाहीत. हा डिस्क्रीट, म्हणजे सुटा आकडा. तीच मासळी काट्यावर घाला. ४० किलो, ४०.३ किलो, ४०.३१ किलो, काहीही भरू शकतं. हा कंटिन्युअस, म्हणजे सलग आकडा. सोप्या भाषेत, पहिला मोजायचा आणि दुसरा मापायचा.

पाऊस मापायचा आकडा आहे. यंत्राच्या नोंदीत एकच दशांश दिसतो म्हणून तो सुटा होत नाही, तो फक्त यंत्राचा बारकावा. म्हणूनच 'वादळात बरोबर ४ माड पडण्याची शक्यता किती' हा प्रश्न चालतो, पण 'पाऊस अगदी बरोबर ६५ मिलिमीटर पडण्याची शक्यता किती' याला गणिताचं उत्तर शून्य. तिथे 'इतक्यापासून इतक्यापर्यंत' असंच विचारावं लागतं. थोडक्यात, ६५ ही निसर्गातली पायरी नाही. ६४ आणि ६६ मधला फरक भाताला कळत नाही. ती रेघ माणसाने कागदावर मारलेली आहे.

आता बाकीचे निकष बघा. पिकाचं नुकसान ३३ टक्के किंवा जास्त हवं. २०१५ पर्यंत ही रेघ ५० टक्क्यांवर होती. नुकसान हाही मापायचा आकडा, पण मदत मात्र हो किंवा नाही. ३२ टक्क्यांना काही नाही. ३३ टक्के आणि ९० टक्के, दोघांना हेक्टरी दर तोच. आणि ३२ की ३३ हे ठरवतं कोण? बांधावर उभं राहून केलेला नजरअंदाज.

२०२३ मध्ये सरकारने सततच्या पावसालाही आपत्ती मानलं, ते चांगलंच झालं. पण त्यातही सलग ५ दिवस, रोज किमान १० मिलिमीटर अशी अट आली. म्हणजे आधी सलग आकडा रेघेने कापायचा आणि मग दिवस मोजायचे. मधल्या एका दिवशी ९.८ नोंदले गेले की साखळी तुटली. भात मात्र पाचही दिवस पाण्यातच.

याची उलटी चूकही होते. मोजायची गोष्ट मापली जाते. आपल्या परसात दहा गुंठ्यांत माड, सुपारी, आंबा, काजू एकत्र असतात. वादळात झाडं पडतात, ती एक-दोन-तीन अशी मोजता येतात. पण मदत हेक्टरी दराने आली की दहा गुंठ्यांना दराचा दहावा हिस्सा, मग त्यात पाच माड असोत की पंधरा. ३ जून २०२० ला निसर्ग वादळाने रायगड-रत्नागिरीच्या बागा झोपवल्या, तेव्हा ही ओरड झाली आणि सरकारने झाडामागे मदत दिली, नारळाला २५० रुपये आणि सुपारीला ५० रुपये. रक्कम तुटपुंजीच. वर्षानुवर्षं नारळ देणाऱ्या माडाची किंमत २५० रुपये नाही. पण हिशेबाची पद्धत बरोबर होती. पुढच्याच वर्षी, मे २०२१ मध्ये, तौक्ते आपल्या किनाऱ्यावरून गेलं, त्यामुळे हे दुसऱ्या जिल्ह्याचं दुखणं म्हणून सोडून देता येणार नाही.

रेघेच्या बाजूनेही बोलण्यासारखं आहे. रेघ असली की वशिला कमी चालतो, काम पटकन होतं, तलाठ्यालाही सोपं. हे मान्य. पण मग रेघ एकच का? २० टक्के नुकसानीला थोडी मदत, ४० ला जास्त, ७० ला आणखी जास्त, अशा पायऱ्या केल्या तर शिस्तही राहील आणि रेघेच्या जरा अलीकडे राहिलेला माणूस रिकाम्या हाताने परतणार नाही.

तेव्हा पुढच्या ग्रामसभेत तीन गोष्टी मागूया.

१. आपल्या मंडळाचं पर्जन्यमापक नेमकं कुठे आहे आणि त्याची रोजची नोंद दशांशासह ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लागेल का? किनाऱ्यावरचा पाऊस आणि डोंगराकडचा पाऊस एक नसतो.
२. पंचनाम्यात पडलेली झाडं संख्येने लिहा, गुंठ्यांत नको.
३. पिकाच्या नुकसानीला टप्प्याटप्प्याने मदत मिळावी असा ठराव करून वर पाठवा.

आणि पुढच्या वेळी कोणी 'निकषात बसत नाही' म्हणालं, तर शांतपणे विचारा, 'साहेब, हा आकडा मोजलात की मापलात? मापला असेल तर रेघेपासून किती लांब आहे ते कागदावर लिहून द्या.'