राक्षसाचे सोंग

(द्वितीय वर्ष, कला)

लक्ष्मणाने शूर्पणखेचे नाक कापले म्हणून या गावाचे नाव नाशिक, ही कथा आपण सर्वांनी लहानपणीच ऐकलेली आहे. परंतु कथा तेथे संपत नाही. वाल्मीकींच्या अरण्यकांडात शूर्पणखा रडत आपल्या भावाकडे, खराकडे जाते आणि खर जनस्थानातून चौदा हजार राक्षस घेऊन चालून येतो. एकटा राम त्या सर्वांना मारतो. त्या चौदा हजारांपैकी खर, दूषण, त्रिशिरा अशी दोन-चार नावे आपल्याला ठाऊक असतात. बाकीचे केवळ आकडा! ते कोणाची मुले होते, काय बोलत होते, याची चौकशी कोणी करीत नाही.

मी येथे इतिहास सांगत नाही, कथेतील युद्धाविषयीच बोलतो आहे. आणि कथेतील युद्ध म्हणजे पोरखेळ, असे कोणी म्हणू नये. शत्रू कसा असतो, हे आपण पहिल्यांदा तेथेच शिकतो.

सन २०१५ मध्ये ‘बाहुबली’ हा चित्रपट आला. माहिष्मती नावाचे कल्पनेतील राज्य आणि त्यावर चालून आलेले कालकेय, यांच्या युद्धाला आपण सर्वांनी टाळ्या वाजविल्या. कालकेय काळेकुट्ट, ओंगळ आणि क्रूर. त्यांच्यासाठी ‘किलिकी’ नावाची एक नवी भाषाच रचली गेली. भाषा मिळाली, पण प्रेक्षकाला कळावे असे बोलणे काही मिळाले नाही. माहिष्मतीत न्यायी राणी आहे, स्वामिनिष्ठ सेवक आहे, भावाभावांतील वैर आहे. कालकेयांत मात्र आई नाही, भाऊ नाही, म्हातारा नाही. अशा शत्रूला मारताना पाहणाऱ्याच्या मनाला काहीच लागत नाही.

आता पेठ तालुक्यातील माझ्या गावाकडे चला. पेठ, सुरगाणा, त्र्यंबक, इकडे जव्हार-मोखाडा या पट्ट्यात होळीनंतरच्या दिवसांत बोहाडा होतो. कोणी त्यास भोवाडा म्हणतात. लाकडाचे किंवा कागदाच्या लगद्याचे मुखवटे लावून, टेंभ्यांच्या उजेडात, संबळ-पिपाणीच्या तालावर रात्रभर एकामागून एक सोंगे नाचतात. गणपती येतो, सारजा येते, भीम येतो. रावण येतो, भस्मासुर येतो. आमच्या गावी शेवटी, पहाटेच्या सुमारास, देवी आणि म्हसोबा यांची लढाई होते. (महिषासुराला आमच्याकडे म्हसोबाच म्हणतात.)

ही लढाई जरा निरखून पाहावी. राक्षस आला की लगेच मेला, असे तेथे होत नाही. देवाच्या सोंगासाठी वाजते तशीच राक्षसाच्या सोंगासाठीही संबळ वाजते. देवाच्या मुखवट्याची पूजा होते, तशी राक्षसाच्याही मुखवट्याची होते. आमच्या गावी म्हसोबाचे सोंग माझ्या चुलत्यांकडे आहे, त्यांच्या आधी ते आजोबांकडे होते. तो घराण्याचा मान आहे. ते मन भरेपर्यंत नाचतात, मगच देवी त्यांना पाडते. मुखवटा उतरला की पाडणारा आणि पडणारा एकाच घोंगडीवर बसून चहा पितात.

ही रीत केवळ आमच्या डोंगरातली आहे असेही नाही. सप्तशृंगगडावर अठरा हातांची देवी आहे, तशी पायथ्याशी पायऱ्यांपाशी महिषाचे दगडी शीरही आहे आणि लोक त्यालाही हात जोडूनच वर चढतात. बळीराजाला वामनाने पाताळात घातले, तरी दिवाळीच्या पाडव्याला बळीचेच राज्य येवो असे आपल्या आया-आज्या म्हणतात. महात्मा फुल्यांनी १८७३ च्या ‘गुलामगिरी’त या बळीला शेतकऱ्यांचा राजा म्हणून उभे केले, ते लोकांच्या मनात त्याची जागा होती म्हणूनच.

यावर कोणी विचारील, मग देव आणि राक्षस सारखेच का? नाहीत. बोहाड्यातही म्हसोबा पडतोच आणि तो पडावा असे सर्व गावाला वाटते. माझे म्हणणे इतकेच की, पडणारा परका नसतो. अन्याय हरला पाहिजे, पण हरणाऱ्याला तोंड असावे, चाल असावी, नाव असावे. समोरचा नुसता काळा ठिपका असेल, तर देवीचा पराक्रम तरी कोणता?

हे मला इतके का लागते, ते सांगतो. शहरात शिकायला आलो तेव्हा वसतिगृहात मी घरी फोनवर डांगीत बोलू लागलो की, ‘याची किलिकिली सुरू झाली’ म्हणून हशा पिकत असे. हसणारी मुले वाईट नव्हती. माझ्या अडीअडचणीला तीच धावली आहेत. पण न कळणारी भाषा बोलणारा काळा माणूस म्हणजे कोण, हे त्यांना तीन तासांच्या एका खेळाने शिकविले होते. कल्पनेतील युद्ध असे हळूच पडद्याबाहेर येते.

स्नेहसंमेलनांत हल्ली ‘आदिवासी नृत्य’ म्हणून बोहाडा बसविण्याची टूम निघाली आहे. त्याला दहा मिनिटे मिळतात. वेळ पुरत नाही म्हणून कात्री लागते ती राक्षसाच्या नाचाला. तो येतो, त्रिशूळ लागतो, पडतो, पडदा! माझी गुरुजनांना आणि मित्रांना विनंती आहे की, आपल्या महाविद्यालयात बोहाडा करावयाचा असेल तर म्हसोबाला पुरता नाचू द्यावा. तेवढा वेळ नसेल, तर त्या दहा मिनिटांत दुसरे काहीही करावे. बोहाडा पाहण्यासाठी होळीनंतर आमच्याकडे यावे. झोपायची सोय होणार नाही, कारण त्या रात्री कोणी झोपत नाही.